सिगारेट सोडवायला माणसं हवीत

काही महिने माझी नोकरी काय, असं कुणी विचारलं की मी सरळ सांगायचे, "मी सिगारेट ओढणारी चिनी माणसं शोधते." कुवेतमध्ये सलवा भागातल्या आमच्या इमारतीत पुण्या-मुंबईची बरीच कुटुंबं आहेत. नवरे तेलात नाही तर पेट्रोकेमिकलमध्ये, आणि बायका शाळेत, दवाखान्यात किंवा घरी. माझं उत्तर ऐकून सगळे हसायचे आणि मग कुणीतरी आपल्या नवऱ्याकडे बोट दाखवून म्हणायचं, "हा घेऊन जा. चिनी नाही, पण धूर तेवढाच काढतो." मला तेव्हा या विनोदाचा कंटाळा यायचा. आता त्या दिवसांतलं दुसरं काही आठवलं नाही तरी एक मुकादम आठवतो. त्याला अजून न जन्मलेलं नातवंड मांडीवर घ्यायचं होतं आणि त्यासाठी सिगारेट सोडायची होती.

जाब्रियातल्या ज्या दवाखान्यात मी समुपदेशक आहे, तिथल्या डॉक्टरांनी हा अभ्यास काढला. व्यसन सोडवण्याची पत्रकं आमच्याकडे अरबीत होती, इंग्रजीत होती, हिंदी आणि मल्याळममध्येही होती. चिनी कामगार मात्र दात दुखला तरच यायचे आणि काहीही न विचारता जायचे. त्यांच्या भाषेत, त्यांच्याच माणसानं दर आठवड्याला फोन करून धीर दिला तर ते सिगारेट सोडतील का, हे डॉक्टरांना बघायचं होतं. फोन करायला माणूस मिळालं होतं. एक चिनी बाई आपल्या नवऱ्याबरोबर किराणा दुकान चालवायची, इंग्रजी आणि अरबी दोन्ही फाडफाड बोलायची, तिला दुभाषी म्हणून घेतलं. आता फक्त ओढणारे हवे होते. आणि ते आणायचे मी.

मला वाटलं, यात काय आहे! छान पोस्टर केलं. दुकानाच्या दारावर लावलं, दोन चिनी खानावळींत लावलं. माझा फोन दिवसभर उशाशी घेतल्यासारखा जवळ ठेवला. एकच फोन आला, आणि त्या माणसाला नोकरी हवी होती. डॉक्टर रोज सकाळी भुवया वर करून माझ्याकडे बघायचे आणि मी रोज मान हलवायचे. शेवटी दुभाषी बाईंनीच मला झाडलं. "भिंतीवरचा कागद वाचून कोण येतं? आमची माणसं एकेकटी कुठे जात नाहीत. मुकादमाला भेट. तो आला तर दहा येतील. तो नाही म्हणाला तर तुझ्या दवाखान्यात कुत्रंही फिरकणार नाही."

मुकादम म्हणजे वेल्डरांच्या टोळीचा प्रमुख. जलीब अल शुयूखच्या पुढे, रस्ता जिथे उजाड होतो तिथे त्यांचा कॅम्प होता. शुक्रवारी दुपारी आम्ही निघालो. गाडी चालवायला दवाखान्याचे चाचा होते, श्रीवर्धनकडचे, कुवेतमध्ये आयुष्य गेलेले. जलीबमध्ये शुक्रवारी जी गर्दी उसळते तिच्यातून ते गाडी अशी काढायचे की मी डोळे मिटून घ्यायचे. स्वतः चाचा दिवसाला पाकीटभर ओढायचे, आणि मी गाडीत बसले की खिडक्या उघडून चेहरा साळसूद करायचे.

मुकादम पन्नाशी ओलांडलेला, ठेंगणा, हातांवर ठिणग्यांचे जुने डाग. कॅम्पातल्या खानावळीच्या लांब टेबलापाशी तो उभाच होता. त्याच्यामागे त्याची माणसं बसलेली. आम्ही आत गेलो तसं त्यानं खिशातून नवं कोरं पाकीट काढलं, एक सिगारेट अर्धी बाहेर काढली आणि किंचित वाकून, दोन्ही हातांनी माझ्यापुढे धरली.

आता मी सिगारेट सोडवणारी बाई. मला वाटलं, बोहनीलाच काय सुरेख संधी आली! मी दोन्ही तळवे वर केले, हसले आणि म्हणाले, "नको, नको. मी तर हेच बंद करायला आले आहे!" दुभाषी बाईंनी माझ्याकडे एकदा पाहिलं आणि ते शब्दाला शब्द सांगून टाकलं.

कुणी हसलं नाही. मुकादमानं सिगारेट पाकिटात ढकलली, पाकीट खिशात ठेवलं. चहा आला. चहा आम्ही प्यायलो. अभ्यासाबद्दल मी जे बोलले ते त्यानं ऐकून घेतलं आणि सगळे फार कामात आहेत असं सांगितलं. आम्ही हात हलवत बाहेर पडलो.

गाडीत बाई आपल्या दुकानाचे फोन करत बसल्या. तोंड उघडलं ते चाचांनी. आत झालेलं सगळं त्यांनी दारातून पाहिलं होतं.

"ताई, तुमी माणसाच्या हातची वस्तू परतवली," ते म्हणाले. "आता तुमच्याकडं कोण येईल?"

"अहो चाचा, पण मी सिगारेट कशी घेणार? माझं कामच ते आहे."

"मी कुठं सांगतंय ओढा म्हणून?"

मला राग आला. चाचांचाही आला आणि बाईंचाही. मी काही चूक केली नाही, असं मी घरी येईपर्यंत मनाशी घोळवत राहिले. घरी नवऱ्याला सगळं सांगितलं तर तो पोट धरून हसला. "माझी आई कधी सुपारी खाते का?" त्यानं विचारलं. "नाही ना? पण लग्नात कुणी सुपारी पुढे केली तर ती नको म्हणते का? घेते आणि रुमालात बांधते. घरी आणते, देव्हाऱ्यापाशी ठेवून विसरून जाते. देणाऱ्याचा हात रिकामा परत पाठवत नाहीत गं." आमची लेक सोफ्यावरून इंग्रजीत म्हणाली की आई सगळ्यांना असंच लेक्चर देते. तिला मी गप्प बसवलं, पण सुपारीचं मात्र मनाला पटलं. सासूबाईंच्या त्या सुपाऱ्या मीच दर दिवाळीला केरात टाकते.

पुढच्या शुक्रवारी मी पुन्हा गेले. मुकादमानं पुन्हा पाकीट काढलं. मला वाटतं, मला हाकलण्याचाच तो एक मार्ग असावा. मी दोन्ही हात पुढे केले, सिगारेट घेतली, वाकून आभार मानले आणि ती पर्समध्ये ठेवायला लागले. तर तो "अय्या" असं काहीसं ओरडला. पर्समध्ये मोडेल म्हणे. त्यानं स्वतःच्या कानामागे बोट दाखवलं. तिथे एक सिगारेट अडकवलेली होती. आत्ता ओढायची नसली तर इथे ठेवतात. मी ठेवली. माझा चष्मा, केस आणि सिगारेट यांचं काही जमेना, ती दोनदा खाली पडली, आणि ती अख्खी खानावळ हसायला लागली. पन्नाशीकडे झुकलेली बाई कानामागे सिगारेट खोचून व्यसनमुक्तीवर बोलते आहे, हे आमच्या डॉक्टरांनी पाहिलं असतं तर त्यांनी मला त्याच दिवशी घरी पाठवलं असतं.

बोलणं सुरू झालं, पण फुंकायला कुणी तयार होईना. आमच्याकडे हातात मावणारं एक यंत्र होतं. त्यात फुंकलं की श्वासात सिगारेटचा वायू किती आहे तो आकडा दिसतो. ते टेबलावर ठेवलं आणि सगळे खुर्च्या मागे सरकवून बसले. आधी मला कळेना, मग एकदम कळलं. कुवेतमध्ये आलेल्या प्रत्येक माणसाच्या पोटात ही भीती असते. इकामा, म्हणजे इथे राहायचा परवाना, मिळण्याआधी मेडिकल होतं, छातीचा फोटो निघतो, आणि त्यात काही डाग दिसला की माणूस परत. माझा नवरा इंजिनिअर, तरी त्या फोटोचा निकाल येईपर्यंत आम्ही दोघं नीट जेवलो नव्हतो. या माणसांना वाटत होतं की हे यंत्र म्हणजे मागच्या दारानं आलेलं मेडिकलच.

मी बाईंना म्हटलं, सांगा यांना, हे कंपनीकडे जात नाही, सरकारकडे जात नाही. बाईंनी सांगितलं. माना हलल्या, माणसं हलली नाहीत. मग मी स्वतः फुंकलं. आकडा अगदी बारका आला. त्यांना त्यात काही गंमत वाटली नाही. तेव्हा दारातून चाचा पुढे आले, माझ्या हातातून यंत्र घेतलं, नवी नळी लावून घेतली आणि शंख फुंकावा तसं फुंकलं. आकडा चढत गेला, चढत गेला, लाल दिवा लागला आणि यंत्र किंचाळायला लागलं.

"या अल्ला," चाचा म्हणाले आणि यंत्राकडे असे बघत राहिले, जणू त्यानं चारचौघांत त्यांचं नाव घेतलं असावं. मुकादम टेबलावर हात आपटून हसला. मग तो उठला, चाचांना एक सिगारेट दिली, आणि चाचांपेक्षा आपला आकडा मोठा येतो का ते बघायला स्वतः फुंकलं. आला. त्यानंतर रांग लागली.

सगळे पांगल्यावर मुकादम मागे राहिला. त्याला बाईंशी बोलायचं होतं, मी बसले काय आणि उठले काय. तो जमिनीकडे बघत बराच वेळ बोलला आणि बाईंनी मला थोडक्यात सांगितलं. त्याची एकुलती एक मुलगी गावाकडे बाळंत होणार होती. तिनं बापाला फोनवर बजावलं होतं, तीन महिने सिगारेटला शिवला नसाल तरच बाळाला हात लावायचा. लहानपणी तिला दम लागायचा. एका खोलीचं घर, हिवाळ्यात खिडक्या बंद, आणि हा घरी असला की ओढणार. रात्र-रात्र आई तिला मांडीवर बसवून असायची. "ती रागावून बोलली नाही," तो म्हणाला. "रागावली असती तर मी समजूत घातली असती."

मी म्हटलं, मग सोडाच. आणि पत्रकातलं पहिलं वाक्य वाचून दाखवलं. जवळची सगळी पाकिटं फेकून द्या.

तो म्हणाला, "मग सकाळी हातात काय घेऊन उभा राहू?"

रोज सकाळी बस निघायच्या आधी तो टोळीतल्या प्रत्येकाला एक सिगारेट द्यायचा. पेटवून द्यायचा. त्या वेळी तो माणसाच्या तोंडाकडे बघायचा. कोण झोपला नाही, कुणाच्या घरून वाईट बातमी आली, कुणाचा हात थरथरतो आहे आणि आज त्याला उंचावर चढवायचं नाही, हे त्याला तेवढ्यात कळायचं. ते बंद केलं तर माणसं म्हणतील, मुकादमाचं आपल्याशी बिनसलं.

मी हुशारी केली. पुढच्या खेपेला घरून बडीशेप आणि धनाडाळ नेली, ओवा घालून. म्हटलं, सिगारेटऐवजी हे वाटा. त्यांना ते औषध वाटलं. एकानं तोंडात टाकलं आणि बाहेर जाऊन थुंकला. बाकीच्यांनी मान देऊन कानामागे ठेवल्यासारखं खिशात ठेवलं. शेवटी मुकादमानं स्वतःच ठरवलं. सिगारेट वाटायची, पण पेटवायची नाही, आणि आपण घ्यायची नाही. स्वतःसाठी बाईंच्या दुकानातल्या कलिंगडाच्या भाजलेल्या बिया. सोलता सोलता हात गुंतून राहतात. डॉक्टरांना मी हे घाबरत सांगितलं. ते म्हणाले, आपल्या पत्रकात हे बसत नाही, पण पत्रक काही त्याच्या टोळीचं मुकादम नाही.

रमजानच्या पहिल्या दिवशी त्यानं सुरुवात केली. दिवसा उघड्यावर इथे कुणालाच ओढता येत नाही, तेवढीच मदत. मी दर आठवड्याला जायचे आणि तो फुंकायचा. आकडा माझ्याएवढा बारका व्हायला वेळ लागला नाही. माणूस मात्र चिडका झाला, जाडही झाला. बाई सांगायच्या की फोनवर तो सिगारेटबद्दल बोलतच नाही. बाळाचं डोकं कसं धरायचं ते विचारतो. स्वतःची मुलगी झाली तेव्हा तो दुसऱ्या प्रांतात कुठलासा पूल बांधत होता. त्यानं तान्हं मूल कधी धरलंच नव्हतं.

एकदा मीच त्याला दाखवलं. टेबलावरचा टॉवेल गुंडाळला, मानेखाली हात कसा जातो ते दाखवलं. त्यानं तो टॉवेल घेतला आणि खांदे आवळून इतका वेळ उभा राहिला की मला हसू आलं. त्याची माणसं बघत होती, पण कुणी थट्टा केली नाही. हळूहळू ती त्याच्यासमोर ओढायची बंद झाली. सकाळी मिळालेली सिगारेट घ्यायची आणि त्याची पाठ वळली की पेटवायची. त्यातले निम्मे माझ्याकडे नाव द्यायला आले. माझी भरती पुरी झाली ती पोस्टरमुळे नव्हे, हे मी डॉक्टरांना सांगितलं नाही, त्यांना ठाऊकच होतं.

मुलगी झाली. तीन महिने पुरे झाले होते, वर काही दिवसही. तो सव्वा महिन्याच्या सुट्टीवर गेला, आणि जाताना मला सिगारेट न देता बियांची पुडी दिली. दोन्ही हातांनी. मी दोन्ही हातांनी घेतली.

परत आल्यावर तो कॅम्पवर थांबला नाही. स्वतः जाब्रियाला दवाखान्यात आला, बाईंना घेऊन. अंगावर इस्त्रीचा शर्ट. मी खूश होऊन उठले आणि म्हटलं, "फोटो दाखवा आधी!"

त्यानं फोटो दाखवले. बाळ पाळण्यात, बाळ आईजवळ, बाळ आजीजवळ, बाळ कुणा म्हाताऱ्याजवळ. मी पुढचा, पुढचा करत राहिले. त्याच्याजवळचा फोटो आला नाही.

तिकडे बाळ महिन्याचं होईपर्यंत बाळंतिणीच्या खोलीत बायकांशिवाय कुणी जात नाही. तो दारातून बघायचा. महिना भरला की मोठं जेवण असतं, आपल्या बारशासारखं, आणि त्या संध्याकाळी पाहुणे गेल्यावर बाळ त्याच्या हातात द्यायचं ठरलं होतं. जेवणाला थोरला भाऊ आला होता. बाप लवकर गेल्यावर त्यानंच याला वाढवलं, वेल्डिंग शिकवलं. सगळ्या गावासमोर भावानं सिगारेट पेटवली आणि याच्या ओठांपाशी धरली. म्हणाला, आज तू आजोबा झालास.

"कानामागे का नाही ठेवलीत?" मी विचारलं.

"पेटवलेली होती," तो म्हणाला.

त्यानं ती ओढली. एकच. संध्याकाळी आंघोळ केली, कपडे बदलले, दात घासले. मुलगी बाळाला घेऊन आली. द्यायच्या आधी तिनं विचारलं, "बाबा, तीन महिने झाले ना?" आणि यानं सांगून टाकलं. मुलगी रडली म्हणे, पण बाळ तिनं दिलं नाही. दोन दिवसांनी त्याचं विमान होतं.

माझं डोकं फिरलं. मुलीवर फिरलं, भावावर फिरलं, सगळ्यात जास्त याच्यावर. "अहो, पण सांगितलंत कशाला?" मी जवळजवळ ओरडले. "एक सिगारेट! आंघोळ केली होतीत! कुणाला कळणार होतं?" बाईंनी ते भाषांतर करायला जरा वेळ लावला. दर आठवड्याला त्याच्या माणसांसमोर बसून मीच म्हणत आले होते, खरं सांगा, एक झुरका घेतला असला तरी सांगा. आणि मला त्या क्षणी मनापासून वाटत होतं की या एका माणसानं एकदा खोटं बोलायला हवं होतं. अजूनही वाटतं.

त्याला माझा प्रश्नच समजला नाही. "तिनं विचारलं होतं," तो म्हणाला.

मग त्यानं टेबलावरचं यंत्र स्वतःच ओढून घेतलं आणि फुंकलं. आकडा बारका होता. भावानं दिलेल्या त्या सिगारेटनंतर त्यानं दुसरी ओढली नव्हती. मी त्याला चहा मागवला. त्याची पुढची सुट्टी थेट पुढच्या वर्षी होती. त्यानं कप जवळ घेतला आणि बाईंना काही तरी हळू विचारलं. बाई माझ्याकडे वळल्या.

"तो विचारतोय, तुला मूल आहे. वर्षाचं बाळ अनोळखी माणसाकडे जातं का?"

जातं, म्हणून सांगायचं माझ्या अगदी ओठावर होतं. काय बिघडलं असतं? पण तो माझ्याकडे बघत होता.

"नाही जात," मी म्हटलं. "तोवर माणसं ओळखायला लागतं. रडेल."

बाईंनी सांगितलं. त्यानं मान हलवली, चहा संपवला आणि उठला.

"रडू दे," तो म्हणाला. "रडली तरी घेईन."